मांगाची पानं उलटी का छापली जायची

जपानी कार्टून मालिका १९६३ मध्येच अमेरिकी टीव्हीवर आल्या होत्या; १९७८ पासून फ्रान्समधल्या मुलांनाही त्यांचं वेड लागलं. तिथे डबिंगवर भागत होतं. मांगाचं, म्हणजे जपानी कॉमिक्सचं, घोडं अडलं ते पानाच्या दिशेवर: ती उजवीकडून डावीकडे वाचतात.

१९८०च्या दशकात अमेरिकी प्रकाशकांनी सोपा तोडगा काढला: आरशात दिसावं तसं प्रत्येक पान फिरवून छापायचं. मग सामुराईंच्या तलवारी उजव्या कमरेला गेल्या. बेसबॉलचा खेळाडू चेंडू टोलवून पहिल्याऐवजी थेट तिसऱ्या बेसकडे धावू लागला. किमोनोची उजवी बाजू वर आली, आणि जपानात तसा किमोनो फक्त प्रेताला नेसवतात. एका सामुराई मालिकेच्या नायकाच्या पाठीवर डावीकडे वळलेलं बौद्ध स्वस्तिक होतं. पान फिरवलं असतं तर ते उजवीकडे वळलं असतं. आपल्या उंबरठ्यावर ते शुभच, पण पाश्चात्त्य वाचकाला त्यात नाझी दिसले असते. चित्रकारालाही पानं फिरवणं मान्य नव्हतं. शेवटी चौकटी कापून नव्या क्रमाने लावल्या. हे काम किती किचकट असेल!

फ्रान्स-इटलीत काही मालिका नव्वदच्या दशकातच मूळ दिशेने निघाल्या. अमेरिकेत २००२ मध्ये एका प्रकाशकाने जवळजवळ सगळीच पुस्तकं तशी काढायचं ठरवलं, आणि वाद पेटला. नवा वाचक पुस्तक उघडतानाच गोंधळेल, ही भीती खोटी नव्हती. शेवटच्या पानावर ‘थांबा, तुम्ही चुकीच्या टोकाला आहात’ अशा अर्थाची सूचना छापावी लागली. जाहिरात झाली ती अस्सलपणाची. पण यात काटकसर कमी नव्हती: पानं फिरवणं वाचलं, चित्रातले जपानी ध्वनिशब्द पुसून पुन्हा काढणं टळलं, पुस्तकं भराभर निघू लागली. दहा डॉलरच्या आतल्या या छोट्या पुस्तकांना कॉमिक्सच्या खास दुकानांबाहेर, साध्या पुस्तकदुकानांत जागा मिळाली आणि मुलीही मोठ्या संख्येने वाचू लागल्या. चाहत्यांनी इंटरनेटवर टाकलेल्या चोरट्या भाषांतरांनी डोळ्यांना आधीच सवय लावली होती, हे प्रकाशक फारसं बोलत नाहीत.

२०१९ पासून एका मोठ्या जपानी प्रकाशनगृहाच्या अ‍ॅपवर मालिकेचं नवं प्रकरण जपानसोबतच इंग्रजीत येतं, तेही मूळ दिशेने. २०२१ मध्ये सौदी अरेबियातून अरबी मांगा सुरू झाला. तिथे हा प्रश्नच नव्हता, कारण अरबीही उजवीकडूनच वाचतात. आता कोरियन वेबटून, म्हणजे ऑनलाइन कॉमिक्स, मोबाइलवर वरून खाली सरकतात आणि काही जपानी प्रकाशकही त्याच वळणावर जाऊ लागले आहेत.