अरब शहरांतल्या गल्ल्या ‘कशाही’ वाढल्या का?

जुन्या अरब शहरांचे वरून काढलेले फोटो फिरत असतात आणि सोबत एक ओळ असते: ‘इथे नियोजन नावाची गोष्टच नव्हती.’ फोटो पाहिला की तसं वाटतं खरं. मोरोक्कोतल्या फेस शहराच्या जुन्या भागाचा नकाशा पाहून माझाही असाच समज झाला होता.

पण सुरुवात बघा. बगदाद ७६२ साली वसवलं ते चक्क वर्तुळाकार, चार वेशींचं. कैरो ९६९ मध्ये आखलं गेलं. त्याचा मुख्य रस्ता आजही नकाशावर सापडतो: बाब अल-फुतूह आणि बाब झुवैला या वेशी शोधा, मधला रस्ता जवळपास सरळ दिसेल. दमास्कसमध्ये तर रोमन काळातला सरळ रस्ता अजून वापरात आहे.

मग वाकड्या गल्ल्या? तिथेही नियम होते, फक्त ते नकाशावर नव्हते, शेजाऱ्यांमध्ये होते. रस्त्याच्या रुंदीवरून वाद झाला तर सात हात जागा सोडा, असं हदीस (पैगंबर मुहम्मदांचं वचन) सांगते. लादलेले उंट जाण्याइतकी. एका टोकाला बंद असलेला बोळ ही तिथल्या रहिवाशांची सामायिक मालमत्ता, त्यामुळे नवं दार काढायला इतरांची संमती लागे. समोरच्याच्या अंगणात डोकावणारी खिडकीही चालत नसे. न्यायनिवाड्यांच्या जुन्या ग्रंथांत अशी भांडणं भरपूर आहेत! अरुंद बोळात सावली राहते, हा फायदा वेगळाच.

मोरोक्कोत १९१२ नंतर फ्रेंचांनी जुन्या शहरांबाहेर रुंद रस्त्यांची नवी शहरं उभारली. दोन्ही शेजारी शेजारी दिसू लागल्यावर जुनं आणखीच गोंधळाचं वाटू लागलं.