घारापुरीचा अर्धा दिवस कुणी ठरवला?

मुंबईकराची घारापुरी एक तर शाळेच्या सहलीत होते, नाहीतर गावाहून पाहुणे आले म्हणजे. सकाळी नवाच्या सुमारास गेटवेवरून लाँच, तासाभराने शेतबंदरचा धक्का, मग धक्क्यावरची छोटी आगगाडी किंवा पायपीट, शंभराहून जास्त पायऱ्या, गाईडबरोबर मुख्य लेणं, उतरताना मीठ-तिखट लावलेली काकडी नाहीतर कैरी, आणि दुपारी उशिरा का होईना, जेवायला पुन्हा कुलाब्यात. हॉटेलांत आणि प्रवासी कंपन्यांच्या पत्रकांत हीच सहल ‘हाफ डे टूर’ म्हणून विकली जाते. दीड हजार वर्षं जुनं लेणं अर्ध्या दिवसात उरकायचं, हा हिशेब लेण्याने घातलेला नाही. तो घातला भरती-ओहोटीने, आगबोटींच्या वेळापत्रकाने आणि बेटावर रात्री थांबू न देण्याच्या नियमाने.

घारापुरी पाहायला गेलेल्या आणि त्याबद्दल लिहून ठेवलेल्या पहिल्या लोकांत गार्सिया द ओर्ता हा पोर्तुगीज वैद्य येतो. मुंबईचं बेट पुढे त्यालाच खंडाने मिळालं. १५३४ मध्ये, म्हणजे गुजरातच्या सुलतानाने वसई पोर्तुगिजांना दिली तो वसईचा तह झाला त्याच वर्षी, त्याने लेणं पाहिलं. त्याचं वनस्पती आणि औषधांवरचं पुस्तक १५६३ मध्ये गोव्यात छापलं गेलं, त्यात या लेण्याचाही उल्लेख आहे. सैतानाने आपली सगळी करामत इथे पणाला लावली असावी, असा त्याचा एकूण सूर. चारेक वर्षांनी आलेला जुआंव द कास्त्रो हा दर्यावर्दी जास्त शिस्तीचा निघाला. त्याने किनाऱ्याची मोजणी करता करता लेण्याचीही मापं घेतली. एक भारावलेला, एक टेप घेऊन आलेला. पर्यटकांच्या या दोन जाती आजच्या लाँचवरही भेटतात.

पोर्तुगिजांनी बेटाचं नावही बदललं. ते दक्षिणेकडच्या राजबंदराच्या बाजूने उतरत, तिथे जवळच कोरलेला मोठा दगडी हत्ती उभा होता, म्हणून एलिफंटा. १८१४ मध्ये त्या हत्तीचं डोकं आणि मान गळून पडली, पुढे धडही ढासळलं. १८६४ मध्ये तो इंग्लंडला न्यायचा घाट घातला गेला, पण उचलताना क्रेनच मोडली आणि उरलेसुरले तुकडे भायखळ्याच्या व्हिक्टोरिया गार्डनमध्ये आले. १९१४ मध्ये ते पुन्हा जोडले गेले. ज्याच्यावरून एलिफंटा, तो हत्ती आज राणीच्या बागेत, डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात उभा आहे. गेटवेवरून लाँच पकडणाऱ्यांपैकी फार थोडे जण त्याला पाहून येतात. माझ्या मते सहल खरं तर तिथूनच सुरू व्हायला हवी.

पोर्तुगिजांच्या काळात आणखी एक गोष्ट घडली, आणि ती आजच्या गाईडच्या बोलण्यापर्यंत येऊन पोचते. दिओगो द कूतो या इतिहासकाराने लिहून ठेवलंय की लेण्याच्या दारावर एक शिलालेख होता. तो काढून पोर्तुगालच्या राजाकडे पाठवला, तिथे कुणाला वाचता आला नाही, आणि पुढे तो दगडच गहाळ झाला. लेणं कुणी खोदवलं हे सांगणारा एकमेव कागद हरवल्यासारखं झालं. त्यामुळे जो येईल तो आपली गोष्ट सांगायला मोकळा. कुणी बाणासुराचं नाव घेतलं, कुणी पांडवांनी एका रात्रीत कोरलं म्हटलं. अभ्यासकांनी मग शैलीवरून आणि बेटावर सापडलेल्या कलचुरी राजा कृष्णराजाच्या नाण्यांवरून काळ सहाव्या शतकाच्या मध्यावर आणून ठेवला. कोकणच्या मौर्यांचीही बाजू मांडली जाते. त्यांना हरवणाऱ्या चालुक्य राजा दुसऱ्या पुलकेशीच्या ऐहोळेच्या शिलालेखात (इ. स. ६३४) पश्चिम समुद्राची लक्ष्मी म्हणवणारी ‘पुरी’ जिंकल्याचं येतं. ही पुरी म्हणजे घारापुरीच का, यावर एकमत नाही. ‘खांब फिरंग्यांनी तोफा डागून फोडले’ हे मात्र प्रत्येक गाईड ठासून सांगतो. नुकसान झालंय हे डोळ्यांना दिसतं. पण त्यात तोफांचा वाटा किती आणि पाझरणाऱ्या पाण्याचा, गुराढोरांचा, बेफिकिरीचा किती, हे गोष्टीच्या ओघात कुणी विचारत नाही.

पुढे बेट मराठ्यांकडे गेलं. १७८२ च्या सालबाईच्या तहाने साष्टी, उरणजवळचं कारंजा आणि घारापुरी इंग्रजांकडे कायम झाली. पण साहेबलोकांच्या फेऱ्या त्याआधीच सुरू होत्या. डेन्मार्कच्या राजाने पाठवलेल्या मोहिमेतला कार्स्टन नीबूर १७६४ मध्ये मुंबईत अडकून पडला होता. सोबतचे सगळे एकेक करून वारले, तेवढा तो जगला. त्या काळात त्याने घारापुरीला जाऊन लेण्याचा आराखडा आणि शिल्पांची चित्रं काढली. ती छापली गेल्यावर युरोपात घारापुरी घरबसल्या पाहता येऊ लागली. १८१९ मध्ये विल्यम अर्स्किनचा निबंध मुंबईच्या लिटररी सोसायटीच्या अंकात आला, १८७१ मध्ये जेम्स बर्जेसचं पुस्तक आलं. नोव्हेंबर १८७५ मध्ये प्रिन्स ऑफ वेल्स मुंबईत आला तेव्हा तर लेण्यात रोषणाई करून मेजवानीच झोडली गेली. शिवाच्या गाभाऱ्यासमोर साहेबांची टेबलं मांडलेली. आज तिथे शेंगदाण्याची पुडी उघडली तरी पहारेकरी हटकतो, ते बरंच आहे.

खरा बदल १८६९ मध्ये सुवेझचा कालवा उघडल्यावर झाला. युरोपातून येणारा प्रवासी आता आगबोटीने सरळ मुंबईत उतरायचा आणि आतल्या मुलुखात जाणारी गाडी पकडायचा. मध्ये जो वेळ हाताशी उरायचा, त्यात बसेल असं काहीतरी हवं होतं. अपोलो बंदरावरून, म्हणजे आजच्या गेटवेपासूनच, स्टीम लाँच भाड्याने मिळत होतीच. इंग्रजी प्रवासी पुस्तकांनी घारापुरीला याच खणात बसवलं. उतरायची जागा मात्र वाईट. ओहोटीला सगळा चिखल उघडा पडायचा, आणि काँक्रीटच्या सुट्या ठोकळ्यांची एक रांग होती, तिच्यावरून घसरत-सावरत किनारा गाठावा लागे. पायऱ्या चढवेनात त्यांच्यासाठी खुर्ची उचलणारे गडी असत. खुर्चीची ही सोय ‘डोली’ म्हणून आजही टिकून आहे. चार जण खांद्यावर घेऊन आजोबांना वर नेतात, आणि आजोबा संकोचाने दोन्ही बाजूंना नमस्कार करत जातात. पाणी उतरायच्या आत परतायचं, हे गणित तेव्हापासूनचं. आता लांब धक्का आहे, चिखलात उतरावं लागत नाही, पण वेळेचा साचा तोच राहिला.

गाईड काय दाखवतो, हेही असंच घडत गेलं आहे. आपण पायऱ्या चढून उत्तरेकडच्या दाराने आत जातो. समोर थेट दक्षिणेच्या भिंतीत, अंधारात, सुमारे १८ फूट उंचीची ती तीन मुखांची मूर्ती. डोळे सरावायला क्षणभर लागतो आणि मग मधला शांत चेहरा पुढे आल्यासारखा होतो. इथेच बहुतेकांची सहल सार्थकी लागते. पण लेण्याची पूजेची रेषा ही नाहीच. ती पूर्व-पश्चिम आहे. पूर्वेच्या अंगणातून आत आलं की खांबांच्या रांगेतून समोर चार दारांचा, प्रत्येक दाराशी दोन-दोन द्वारपाल असलेला गाभारा आणि आत लिंग. भक्त पूर्वेकडून येत असत, असं बऱ्याच अभ्यासकांचं मत आहे. उत्तरेकडून गेलेल्या माणसाला तीन मुखांची मूर्ती हेच दैवत वाटतं आणि लिंग कुठेतरी उजव्या हाताला राहतं. गर्दी असली तर तेही राहून जातं.

त्या मूर्तीला ‘त्रिमूर्ती’ म्हणत ब्रह्मा-विष्णू-महेश समजावून सांगायची पद्धत साहेबांच्या वर्णनांतून रुळली. विसाव्या शतकात मूर्तिशास्त्राच्या अभ्यासकांनी ही एकट्या शिवाचीच रूपं असल्याचं मांडलं. एका बाजूला मिशा असलेला, उग्र अघोर, मध्ये तत्पुरुष, दुसऱ्या बाजूला हातात कमळ घेतलेला कोमल वामदेव, ज्याला उमेचं रूपही मानतात. पुरातत्त्व खात्याच्या हिरानंद शास्त्रींचं मार्गदर्शक पुस्तक १९३४ मध्ये निघालं. तरी जत्थ्यापुढे उभा राहिलेला गाईड ब्रह्मा-विष्णू-महेशच सांगतो, कारण पाहुण्यांना ते लगेच कळतं. चांगला गाईड भेटला तर तो भिंतीच्या जरा कडेला उभं करून अर्धनारीश्वर दाखवतो, नंदीवर टेकलेला हात आणि दुसऱ्या बाजूचा आरसा. मग जटेत गंगा झेलणारा गंगाधर, मग कल्याणसुंदरात, म्हणजे शिव-पार्वतीच्या लग्नाच्या शिल्पात, लाजून मान कललेली पार्वती. नटराजाचे हातपाय गेले आहेत, पण कमरेची लचक तशीच आहे. हे पाहायला पाऊण तास कसा पुरावा, मला समजलेलं नाही.

१९८७ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत नाव गेलं, आणि मग मर्यादाही पक्क्या झाल्या. सोमवारी लेणी बंद. संध्याकाळची शेवटची लाँच चुकवायची नाही, बाहेरच्या माणसाला बेटावर मुक्काम नाही. पावसाळ्यात दर्या खवळला की फेऱ्याच थांबतात. त्यामुळे पूर्वेकडच्या टेकडीवरच्या बौद्ध स्तूपाचे विटांचे अवशेष, वरच्या तोफा, बाकीची लेणी यांना सहलीत वेळच उरत नाही. शेतबंदर, राजबंदर आणि मोराबंदर ही तीन गावं तर पत्रकात नसतातच. धक्क्यावर ग्रामपंचायतीच्या कराची पावती फाडली जाते, तेवढ्यापुरतं हे बेट रायगड जिल्ह्यातल्या उरण तालुक्यातलं एक गाव आहे याची आठवण होते. समोर रात्रभर मुंबई झगमगत असताना या गावांना रोज संध्याकाळी जनरेटरवर काही तास उजेड मिळायचा. समुद्राखालून साडेसात किलोमीटरची केबल टाकून वीज आली ती फेब्रुवारी २०१८ मध्ये. पाहुणे रात्री थांबत नसल्याने ही अडचण त्यांच्या कधी नजरेलाच आली नव्हती. गावकऱ्यांचं बेट बाहेरच्यांना दिसतं ते महाशिवरात्रीला. त्या दिवशी लेण्यात पर्यटकांपेक्षा भाविक जास्त असतात आणि सगळी गर्दी लिंगापुढे असते.

१८ डिसेंबर २०२४ ला गेटवेहून घारापुरीकडे निघालेल्या प्रवासी लाँचला नौदलाची स्पीडबोट धडकली आणि डझनाहून जास्त माणसं गेली. तोवर लाइफ जॅकेट हे बाकाखाली कोंबलेलं सामान होतं. त्यानंतर ती अंगावर चढवायला लावू लागले. लाँचच्या वरच्या मजल्यावर सीगलना गाठ्या भिरकावणारी पोरंही आता नारिंगी जॅकेटात दिसू लागली.

गेटवेवरची गर्दी कमी करायला रेडिओ क्लबपाशी नवी जेटी बांधायचं सरकारने ठरवलं, आणि त्याविरुद्ध कुलाब्याच्या रहिवाशांची कोर्टाची पायरी चढूनही झाली. शिवडीहून बेटापर्यंत समुद्रावरून रोपवे न्यायची मुंबई बंदराची योजनाही बरीच वर्षं बोलली जाते आहे. तो झाला तर लाँचचा तास वाचेल. वाचलेला तास लेण्यात घालवायचा की दुपारी आणखी एक ठिकाण सहलीत घुसवायचं, हे कंपन्यांची पत्रकं ठरवतील. लाँचवाले आणि पायऱ्यांवरचे दुकानदार मात्र एवढंच विचारतात, की रोपवेचं स्टेशन नेमकं कुठल्या बाजूला उतरणार.