झानुसी कुठला आणि किस्लोव्हस्की कुठला?

'डेकॅलॉग' ही दहा फिल्मची पोलिश मालिका झानुसीची नाही, किस्लोव्हस्कीची. हे दर थोड्या दिवसांनी कुणाला तरी सांगावंच लागतं, आणि सांगताना रागही येत नाही कारण सगळं घोळ होण्यासारखंच आहे: दोघांचं नाव क्रिस्तोफ, दोघं वॉर्सात जन्मलेले, एक १९३९चा दुसरा १९४१चा, दोघं पोलंडमधल्या वूच शहरातल्या फिल्म स्कूलचे, दोघं दिग्दर्शकही आणि लेखकही, आणि ७०च्या दशकाच्या शेवटी पोलंडमध्ये जो 'नैतिक अस्वस्थतेचा सिनेमा' (कम्युनिस्ट राजवटीत साध्या माणसाला कराव्या लागणाऱ्या तडजोडी दाखवणारा) आला त्यातही शेजारीशेजारी. वर झानुसी 'टोर' नावाच्या फिल्म युनिटचा (फिल्म बनवणाऱ्या गटाचा) बॉस आणि किस्लोव्हस्की त्याच युनिटमधला.

पण सिनेमात आले कुठून ते बघा. झानुसी आधी फिजिक्स शिकला, मग फिलॉसॉफी, मग सिनेमा. किस्लोव्हस्की फायर ब्रिगेडच्या ट्रेनिंगला गेला, तीन महिन्यांत पळाला, फिल्म स्कूलने दोनदा नापास केल्यावर तिसऱ्यांदा घुसला आणि पुढे कित्येक वर्षं डॉक्युमेंटरी करत बसला. पडद्यावर हा फरक लगेच कळतो. झानुसीची माणसं शास्त्रज्ञ, प्राध्यापक वगैरे शिकलेली मंडळी, मनातले प्रश्न सरळ तोंडाने विचारतात आणि त्यावर वाद घालतात. 'इल्युमिनेशन' (१९७३, लोकार्नो फिल्म फेस्टिव्हलचं गोल्डन लेपर्ड बक्षीस) सुरूच होते ती ताटार्किएविच हा खराखुरा तत्त्वज्ञ कॅमेऱ्यासमोर विषय समजावून सांगतो तिथून. लेक्चरच आहे ते! मला आवडतं, पण कुणाला झोप आली तर त्याला दोष देणार नाही.

किस्लोव्हस्की असं काही समजावत नाही. 'ब्लू'मध्ये (१९९३) नवरा आणि मुलगी गमावलेली ज्युली कॅफेत साखरेचा क्यूब कॉफीला टेकवते, कॉफी त्यात हळूहळू चढते, बस एवढंच. तो क्यूब पाचेक सेकंदांत भिजायला हवा, आठ लागले तर प्रेक्षक कंटाळेल, म्हणून त्याने असिस्टंटला वेगवेगळे क्यूब भिजवून बघायला लावले होते. बाईला आजूबाजूच्या जगाशी काही घेणंदेणं उरलेलं नाही हे तेवढ्यात कळतं. झानुसीने इथे दोन पात्रं समोरासमोर बसवून बोलायला लावली असती.

आणि घोळ कमी होता म्हणून तिसरा क्रिस्तोफ पण आहे, पिएसिएविच, पेशाने वकील. ८०च्या दशकाच्या सुरुवातीला पोलंडमध्ये मार्शल लॉ, म्हणजे लष्करी राजवट होती, त्या काळात किस्लोव्हस्की कोर्टातले राजकीय खटले शूट करायला गेला, आणि त्याने स्वतः सांगितलंय की कॅमेरा लागला की जज शिक्षा द्यायला कचरायचे, मग काय, वकीलच त्याला बोलवायला लागले. ती डॉक्युमेंटरी काही झाली नाही पण ओळख झाली, आणि 'नो एंड'पासून (१९८५) 'रेड'पर्यंत (१९९४) सगळ्या स्क्रिप्ट या दोघांनी मिळून लिहिल्या.

'रेड'च्या सुमारास किस्लोव्हस्कीने रिटायरमेंट जाहीर केली आणि १९९६ला हार्टच्या ऑपरेशननंतर गेला, फक्त ५४ वर्षांचा. झानुसी पुढेही फिल्म करत राहिला, २०१२ला गोव्याच्या इफ्फीत लाइफटाइम अचिव्हमेंट मिळालं ते त्याला.

एवढं वाचूनही गोंधळ होत असेल तर 'कॅमेरा बफ' (१९७९) बघा. फिल्म किस्लोव्हस्कीची, आणि त्यातला फॅक्टरीतला हौशी कॅमेरावाला ज्या नावाजलेल्या डायरेक्टरला भेटतो तो झानुसी, स्वतःच्याच रोलमध्ये.