पास्काल ओझिए

ओझिए, पास्काल : (२६ ऑक्टोबर १९५८ – २५ ऑक्टोबर १९८४). फ्रेंच चित्रपट व रंगभूमी अभिनेत्री. सहा-सात वर्षांच्या कारकिर्दीत तिच्या वाट्याला बहुतेक दुय्यम, काही तर ओझरत्या भूमिका आल्या. नायिका म्हणून तिचे नाव राहिले ते मुख्यतः दोन चित्रपटांमुळे, आणि या दोन्ही चित्रपटांत तिचे काम अभिनयापुरते नव्हते : एकाच्या लेखनात तिचा सहभाग होता, तर दुसऱ्याची नेपथ्यरचना तिची होती. तिच्याविषयीच्या लेखनात अकाली मृत्यूचीच चर्चा अधिक झाल्याने ही बाब काहीशी मागे पडली आहे.

तिचा जन्म पॅरिस येथे झाला. वडील संगीतकार होते. आई ब्यूल ओझिए ही सत्तरच्या दशकातील फ्रेंच प्रायोगिक चित्रपटांची अग्रगण्य अभिनेत्री. पास्कालने आडनाव आईचे लावले. दिग्दर्शक बार्बे श्रोडर हा ब्यूलचा पुढील आयुष्यातील जोडीदार. त्याने आणि दिग्दर्शक एरिक रोमेरने १९६२ मध्ये ‘ले फिल्म द्यु लोझांज’ ही निर्मितिसंस्था काढली होती. त्यामुळे ज्या दिग्दर्शकांच्या हाताखाली पास्कालने पुढे कामे केली, ते घरच्या परिचयातले होते. घरच्या ओळखीने दार उघडले खरे, पण पहिल्या भूमिका पाहता त्या ओळखीचा फार मोठा फायदा तिला झाला असे म्हणवत नाही.

बाराव्या शतकातील क्रेतियँ द त्र्वा या कवीच्या काव्यावर रोमेरने १९७८ मध्ये ‘पेर्सव्हाल ल गाल्वा’ हा चित्रपट केला. स्टुडिओत उभारलेली रंगवलेली झाडे, पुठ्ठ्याच्या खेळण्यांसारखे किल्ले आणि कथा गाऊन सांगणारे गायकवृंद असे त्याचे रूप होते. त्यात पास्काल एका छोट्या भूमिकेत दिसते. नायक फाब्रिस ल्युकिनी होता आणि सहा वर्षांनी तोच तिच्यासमोर मित्राच्या भूमिकेत उभा राहणार होता. पाठोपाठ १९७९ मध्ये पॅरिसलगतच्या नांतेर येथे रोमेरने हाइनरिश फॉन क्लाइस्टचे ‘हाइलब्रोनची काट्शेन’ हे जर्मन नाटक बसवले, तेव्हा शीर्षकभूमिका त्याने पास्कालला दिली. प्रयोगाचे समीक्षकांनी फारसे स्वागत केले नाही.

झाक रिव्हेतचा ‘ल पाँ द्यु नोर’ (१९८१) हा तिच्या कारकिर्दीतील खरा वळणबिंदू होय. दिग्दर्शक आणि इतर सहलेखकांबरोबर ब्यूल व पास्काल या मायलेकींचीही नावे त्याच्या लेखनश्रेयात आहेत, आणि पडद्यावर दोन अनोळखी स्त्रिया म्हणून त्याच दोघी भेटतात. ब्यूलची मारी नुकतीच तुरुंगातून सुटलेली असून बंद जागेत तिचा जीव घुसमटतो. पास्कालची बाप्तिस्त चामडी जाकीट घालून दुचाकीवरून पॅरिसमध्ये शिरते आणि चौकातल्या सिंहांच्या पुतळ्यांना शत्रू समजून त्यांच्याभोवती घिरट्या घालते. भिंतीवरच्या जाहिरातींतले चेहरे आपल्यावर पाळत ठेवतात अशी तिची खात्री असल्याने ती पाते काढते आणि त्या चेहऱ्यांचे डोळे कापून टाकते. मारी कोणत्याही खोलीत पाऊल टाकू शकत नसल्याने जवळजवळ सगळा चित्रपट उघड्यावर, मोडतोड चाललेल्या पॅरिसमध्ये घडतो. तुटपुंज्या पैशात चित्रपट उरकण्याची सोयही त्यात होती. दोघींच्या हाती शहराचा एक नकाशा लागतो. आपल्या सापशिडीच्या जातीच्या ‘हंसाचा खेळ’ या फ्रेंच पटासारखी त्याची रचना असून त्यावर कैद, विहीर, पूल, मृत्यू अशी घरे आहेत. बाप्तिस्त हा खेळ अगदी गांभीर्याने खेळते. ताठ मान, लढवय्यासारखे पवित्रे आणि यंत्राच्या रूपातल्या ड्रॅगनशी एकटीने दिलेली झुंज हे सारे पास्काल हसू न येऊ देता करते, आणि म्हणूनच ते हास्यास्पद ठरत नाही.

यानंतरही दुय्यम भूमिका चालूच राहिल्या. माउरो बोलोन्यीनीच्या ‘ला दाम ओ कामेलिया’ (१९८१) मध्ये इझाबेल उपेर नायिका होती, तर ‘सिन्य एक्स्तेरियर द रिशेस’ (१९८३) हा रूढ विनोदी चित्रपट होता.

रोमेरच्या ‘विनोदिका आणि म्हणी’ या मालिकेतील चौथा चित्रपट ‘ले न्वी द ला प्लेन ल्युन’ (पौर्णिमेच्या रात्री) १९८४ मध्ये आला. ‘ज्याच्या दोन बायका तो आत्म्याला मुकतो, ज्याची दोन घरे तो अकलेला मुकतो’ ही म्हण त्याच्या आरंभी दिलेली आहे. पॅरिसबाहेरच्या मार्न-ला-व्हाले या नव्या वसाहतीत लुईझ ही सजावटकार तरुणी प्रियकर रेमीबरोबर राहते. शहरात आपली एक स्वतंत्र खोली असावी, म्हणजे एकटेपणाही उपभोगता येईल, असा तिचा हट्ट असतो. ती खोली आणि चित्रपटातली इतर दालने पास्कालनेच सजवली, आणि श्रेयनामावलीत नेपथ्यासाठी तिचे नाव आहे. करडा आणि निळा हे सबंध चित्रपटाचे रंग, पात्राच्या व्यवसायाशी अभिनेत्रीच्या हातचे काम असे एकजीव झाल्याचे उदाहरण विरळाच. शेवटाकडे लुईझ स्वतःच्या खोलीतून मध्यरात्री बाहेर पडते आणि कॅफेत एका चित्रकाराशी गप्पा मारत पहाटेच्या पहिल्या गाडीची वाट पाहते. पौर्णिमेला कुणालाच झोप लागत नाही, असे तो तिला सांगतो. ती घरी पोहोचते तेव्हा बिछाना रिकामा असतो. बारीक, किंचित बालिश वाटणाऱ्या आवाजात स्वातंत्र्याचे समर्थन करत आलेली लुईझ येथे कोसळते आणि प्रेक्षकाला तिचा राग धरता येत नाही.

या भूमिकेसाठी व्हेनिस महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा व्होल्पी चषक मिळाला. भारतीय वाचकाला त्या वर्षाचे अगत्य वाटण्याचे आणखी एक कारण आहे : अभिनेत्याचा चषक गौतम घोष यांच्या ‘पार’मधील भूमिकेबद्दल नसीरुद्दीन शाह यांना मिळाला होता. काही आठवड्यांतच, सव्विसाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, हृदयक्रिया थांबून पास्कालचा पॅरिसमध्ये मृत्यू झाला. फ्रान्समधील सेझार या चित्रपट पुरस्कारासाठी तिचे नामांकन झाले ते मरणोत्तर. तिचे दफन पेर लाशेझ दफनभूमीत करण्यात आले.

केन मॅकम्यूलनच्या ‘घोस्ट डान्स’ (१९८३) या ब्रिटिश चित्रपटाला मात्र या मृत्यूनंतर वेगळाच अर्थ आला. त्यात तत्त्वज्ञ झाक देरिदा स्वतःच्याच भूमिकेत आहे. भुताखेतांविषयी बोलून झाल्यावर तो पास्कालला विचारतो, तुमचा भुतांवर विश्वास आहे का? ती उत्तरते, ‘हो, आता आहे.’ एवढ्याशा संवादाची तालीम दिग्दर्शकाने त्यांच्याकडून पुनःपुन्हा करून घेतली. समोरच्याच्या डोळ्याला डोळा भिडवून नजर स्थिर ठेवण्याची अभिनेत्याची रीत आपल्याला तिनेच शिकवली, असे देरिदाने पुढे एका मुलाखतीत सांगितले. चित्रीकरणानंतर दोन-तीन वर्षांनी, ती गेल्यावर, अमेरिकेत टेक्सास येथे विद्यार्थ्यांच्या आग्रहावरून त्याने तो चित्रपट पुन्हा पाहिला, तेव्हा पडद्यावरचा तिचा चेहरा त्याच्याकडे बघून तेच उत्तर देत होता. त्यातला ‘आता’ नेमका कोणता, हा प्रश्न त्याला तेथे पडला.

अमेरिकन दिग्दर्शक जिम जारमुशने ‘डाउन बाय लॉ’ (१९८६) हा चित्रपट ज्यांना अर्पण केला त्यांत पास्कालचे नाव आहे. ब्यूल ओझिएच्या २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आठवणींच्या पुस्तकातही मुलीविषयीचा मजकूर आहे. त्या पुस्तकाचे नाव ‘मी विसरले’ असे आहे.