निळवंतीचं मोठं खटलं

दोन वर्षांपूर्वी जानेवारीत आईला घेऊन पुण्याच्या एम्प्रेस गार्डनमधल्या पुष्पप्रदर्शनाला गेले होते. तिथे एका कोपऱ्यात निळ्या-जांभळ्या फुलांच्या उंच काड्या लावलेल्या होत्या, पाटी होती लार्कस्पर. आई म्हणाली, "हे काय गं, किती गोड निळं आहे, पण आपल्याकडचं नसणार." मी पण अगदी जाणकाराच्या थाटात सांगून टाकलं की हो, विलायती आहे, थंड देशातलं.

पुढे त्याच वर्षी गौरी-गणपती उरकल्यावर जुन्नरच्या बाजूला एका घाटमाथ्यावर गेलो, कंबरभर गवत, सोनकीचा पिवळा सडा, आणि त्या गवतातून मधेच वर आलेली एक निळी काडी. काडीवर ओळीने फुलं आणि प्रत्येक फुलाला मागे शेपटी. तेच एम्प्रेस गार्डनवालं! ग्रुपमधला एकजण म्हणाला, "अगं ही निळवंती." झालं, तोंडावरच पडले. (घरी येऊन निळवंती असं सर्च केलं तर पशुपक्ष्यांची भाषा शिकवणाऱ्या त्या पोथीचेच व्हिडिओ समोर आले, फुलाचं काही मिळायला बराच वेळ लागला.)

तर निळवंती म्हणजे डेल्फिनियम मलबारिकम. लार्कस्परच्या खानदानातली ही आपली सह्याद्रीची लेक, जगात दुसरीकडे कुठेही नाही. नावात मलबार असलं तरी ती मुख्यतः आपल्या महाराष्ट्रातल्या सह्याद्रीतच आहे, जुने लोक पश्चिम किनाऱ्याच्या मुलुखाला सरसकट मलबार म्हणायचे त्यातलाच हा प्रकार असावा.

आधी ती शेपटी बघू, कारण सगळी गंमत तिथे आहे. आपण ज्याला निळ्या पाकळ्या समजतो ती खरं तर निदलं, म्हणजे जास्वंदीत कळीखाली जो हिरवा भाग असतो ना, तो इथे रंगीत होऊन मिरवतो. अशी पाच निदलं, त्यातल्या वरच्याची मागे लांब नळी झालेली, हीच शेपटी. खऱ्या पाकळ्या बिचाऱ्या छोट्या, चारच, मधे दाटीवाटीने बसलेल्या. त्यातल्या वरच्या दोघींना स्वतःच्या शेपट्या असतात आणि त्या निदलाच्या शेपटीच्या आत सरकवलेल्या असतात, तलवार म्यानात असते तशा. मध या आतल्या शेपट्यांमध्ये. खालच्या दोन पाकळ्या पुंकेसरांवर झाकण घालून बसतात. म्हणजे मध पाहिजे असेल तर लांब जिभेची माशी पाहिजे आणि तिने या झाकणावर बसून डोकं आत घातलं की पोटाला पराग लागलाच पाहिजे, अशी सगळी व्यवस्था आहे. काही आखूड जिभेच्या माश्या आणि भुंगे बाहेरूनच शेपटीला भोक पाडून मध पितात, फुकटे कुठे नसतात!

शेपटी तेरड्यालाही असते, आत्ताच गौरीपुढे ठेवला असेल तर बघा. पण तेरड्याचं आणि याचं काही नातं नाही, दोघांनी आपापली शेपटी वेगवेगळी कमावली. नातं कोणाशी आहे ते ऐकून मलाच आश्चर्य वाटलं होतं. एक म्हणजे कलौंजी, जी आपण नानवर आणि लोणच्यात घालतो ती याच कुळातली. रानात झुडपांवर चढणारी मोरवेल पण याच कुळातली. आणि सगळ्यात जवळचा भाऊबंद कोण तर बचनाग, आयुर्वेदातला वत्सनाभ, जहाल विषारी.

नावांचीही मजा आहे. ग्रीक लोकांना याची न उमललेली कळी डॉल्फिनसारखी दिसली म्हणून डेल्फिनियम. इंग्रजांना शेपटी चंडोल पक्ष्याच्या मागच्या बोटाच्या लांब नखीसारखी वाटली म्हणून लार्कस्पर. बागेत लावतात त्या एका जातीचं नाव अजेसिस, ते ट्रॉयच्या युद्धातल्या अजॅक्सवरून, तो मेला तिथे हे फूल उगवलं आणि पाकळीवर 'आय आय' असा शोक उमटला म्हणे. पाकळीवर तशा रेघा असतात खऱ्या, पण मला त्यात काही अक्षरं दिसली नाहीत.

आता मुख्य भानगड. जाती किती? सरळ उत्तर द्यायचं तर तीनशेच्या वर, पण कोणाला विचारता त्यावर आहे. वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने १७५३ मध्ये डेल्फिनियम हे नाव पक्कं केलं तेव्हा त्याच्याकडे मोजक्याच जाती होत्या. मग हिमालय, चीन, कॅलिफोर्निया असं करत यादी फुगत गेली. एकट्या चीनमध्ये सुमारे १७० जाती आहेत आणि त्यातल्या बहुतेक फक्त तिथेच. मधल्या काळात वनस्पतीवाल्यांनी एका वर्षात उगवून, फुलून, मरून जाणाऱ्या जाती बाजूला काढल्या आणि त्यांचा कॉन्सोलिडा असा वेगळा संसार थाटून दिला, कारण त्यांच्या वरच्या दोन पाकळ्या जुळून एक झालेली असते आणि फुलाला तीनऐवजी एकच शेंग येते. दिसायला एकदम पटण्यासारखं. पण २०१२ च्या सुमारास डीएनए तपासून वंशावळ काढली तर हे कॉन्सोलिडा डेल्फिनियमच्याच पोटात निघाले! वेगळं बिऱ्हाड केलेला मुलगा रेशनकार्डावर अजून बापाच्याच नावाखाली असावा तसं. म्हणून आता बरेच जण त्यांना परत डेल्फिनियम म्हणतात आणि नर्सरीवाले अर्थातच काहीही म्हणतात.

त्याच कामात दुसरी गोष्टही निघाली, ती मला जास्त आवडली. या खटल्यातल्या जातींचा मोठा स्फोट हिमालय आणि नैऋत्य चीनच्या डोंगरात झाला, लाखो वर्षांपूर्वीच्या मायोसीन नावाच्या काळाच्या शेवटी शेवटी, आणि तो तेव्हा झाला जेव्हा यांनी एका वर्षात मरायचं सोडून जमिनीखाली मूळ धरून वर्षानुवर्षं जगायला सुरुवात केली. उंच डोंगरावर हा मोठाच फायदा, एखाद्या वर्षी लवकर बर्फ पडलं, बी धरलंच नाही, तरी खाली मूळ शाबूत, पुढच्या वर्षी बघू.

आणि डोंगरच का, तर याचं बी फार लांब जात नाही. सावरीसारखा कापूस नाही, पक्ष्याने खावं असं गोड फळ नाही, शेंग वाळून तडकली की बी झाडाच्या पायाशी सांडतं. परागाचंही तसंच, माशी एका काडीवरून जवळच्याच दुसऱ्या काडीवर जाते. मग एका डोंगराची झाडं दुसऱ्या डोंगराच्या झाडांना भेटणार कधी? भेटत नाहीत, आणि हळूहळू वेगळी होत जातात. बारा कोसांवर भाषा बदलते म्हणतात ना, इथे डोंगरागणिक फूल बदलतं. केनियाच्या डोंगरात हिरवट-निळ्या फुलांची जात आहे, कॅलिफोर्नियात चक्क लाल फुलांच्या दोन आहेत आणि त्यांच्याकडे माश्यांऐवजी हमिंगबर्ड येतात. हिमालयात खूप उंचावर, जिथे आपल्याला धाप लागते तिथे, कस्तुरीसारखा वास येणारी एक केसाळ जात आहे. अफगाणिस्तान-इराणच्या बाजूला एक पिवळी आहे, तिची फुलं असबर्ग नावाने आपल्याकडे यायची आणि त्याने रेशीम पिवळं रंगवायचे.

आपल्या निळवंतीची कहाणी या सगळ्यात वेगळीच. थिओडोर कुक नावाचे एक गृहस्थ पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्सचे प्रिन्सिपॉल होते, म्हणजे आजचं सीओईपी, इंजिनियरिंग कॉलेज. त्यांनी १९०१ ते १९०८ मध्ये मुंबई इलाख्याच्या वनस्पतींचा जो मोठा ग्रंथ काढला, त्यात आपली निळवंती आहे, पण डेल्फिनियम डेसिकॉलॉन या नावाने. डेसिकॉलॉन म्हणजे केसाळ दांड्याचं, आणि ही जात आफ्रिकेतली, इथिओपियाकडची. म्हणजे जुन्नरच्या गवतातलं फूल कागदोपत्री आफ्रिकन! दिसायला दोन्ही खरंच सारखी. हूथ नावाच्या जर्मन माणसाला आपलं थोडं वेगळं वाटलं होतं म्हणून त्याने १८९५ मध्ये त्याच जातीचा मलबारी प्रकार असं लिहून ठेवलं होतं. पण वेगळी जात म्हणून मान मिळायला १९६७ साल उजाडलं, आणि तो दिला कोणी तर फिलिप मंझ नावाच्या कॅलिफोर्नियातल्या संशोधकाने, जो तेव्हा आशिया आणि आफ्रिकेतल्या या सगळ्या जाती एकेक करून निस्तरत बसला होता. आपलं घरचं माणूस आपलंच आहे हे दुसऱ्याने येऊन सांगावं, असो.

फूल निळं का, तर डेल्फिनिडीन नावाच्या रंगद्रव्यामुळे, या फुलावरूनच त्याचं नाव पडलं. आणि हे द्रव्य आपल्या घरात रोज असतं. जांभळ्या वांग्याच्या सालीचा रंग त्याच्याच एका भावाचा, गोकर्णाच्या फुलाचा निळा चहा पितात हल्ली कॅफेंमध्ये तोही त्याचाच. गुलाबाला हे द्रव्य बनवताच येत नाही म्हणून निळा गुलाब नसतो, जपानी कंपनीने पॅन्सीचं जनुक घालून केला आणि २००९ मध्ये विकायला काढला तो, पण मी फोटो बघितले, मला तर तो फिक्कट जांभळाच वाटला.

अमेरिकेत कोलोरॅडोच्या डोंगरात वेझर आणि प्राइस या दोन संशोधकांनी तिथल्या निळ्या लार्कस्परवर बरीच वर्षं काम केलंय. तिथे निळ्या फुलांत क्वचित एखादं पांढरं झाड निघतं आणि त्याला बी कमी धरतं. का? मध तर तेवढाच असतो. झालं असं की निळ्या फुलात मधल्या फिक्या पाकळ्या बाजूच्या निळ्यावर उठून दिसतात, माशीला दार कुठंय ते पटकन कळतं. पांढऱ्यावर पांढरं, दार शोधण्यात तिचा वेळ जातो, मग ती म्हणते जाऊ दे आणि निळ्याकडे जाते. रात्री लाइट गेल्यावर कुलूप उघडताना आपलं होतं तसं. एवढासाच फरक, पण त्यानेच पांढरी फुलं मूठभरच राहतात.

माशी काडीवर खालून वर चढते हेही ठरलेलं. खालची फुलं जुनी, त्यांचे पराग संपलेले, ती आता परागाची वाट बघणारी म्हणजे मादी अवस्थेत, आणि मध तिथे जास्त. वरची ताजी फुलं नर अवस्थेत. त्यामुळे माशी दुसऱ्या झाडावरून आणलेला पराग आधी खालच्या फुलांना देते, मग वर चढत ताजा पराग अंगावर घेते आणि उडून जाते पुढच्या झाडाच्या बुडाशी. स्वतःचा पराग स्वतःलाच लागू नये म्हणून केवढा हा वन-वे, आपल्या लक्ष्मी रोडपेक्षा शिस्तीत पाळला जातो.

विषाचं मात्र गमतीवारी नेऊ नका. बागेतलं लार्कस्पर धरून हे खटलं विषारीच आहे, बी आणि कोवळी पानं जास्त, घरात लहान मूल किंवा कुत्रं असेल तर हाताच्या अंतरावर लावू नका. अमेरिकेच्या पश्चिमेकडे कुरणांत हे खाऊन गुरं मरतात, हा तिथल्या गुराख्यांचा जुना प्रॉब्लेम. यातलं मिथाइललायकॅकोनिटिन नावाचं द्रव्य मज्जातंतूकडून स्नायूला येणारा निरोपच अडवतं, निरोप पोचला नाही की पाय लुळे पडतात आणि शेवटी श्वासाचे स्नायू थांबतात. मेंढ्यांना तेवढ्याने काही होत नाही, म्हणून काही ठिकाणी आधी मेंढ्या सोडतात आणि मग गायी. आणि हेच विष आता मेंदूच्या अभ्यासात वापरतात, कारण ते निकोटिनच्या एका ठराविक रिसेप्टरला (पेशीवरच्या निरोप घेणाऱ्या जागेला) नेमकं जाऊन चिकटतं, बाकीच्यांना फारसं त्रास देत नाही. याच खटल्यातली हिमालयातली एक जात युनानी औषधात जदवार म्हणून चालते आणि तिचं दुसरं नाव काय, तर निर्विषी! विष उतरवणारी म्हणून.

बाल्कनीत लावायचं असेल तर माझा अनुभव घ्या. पहिल्या वर्षी हौसेने गणपतीतच बी टाकलं, सगळं कुजलं. याला उगवायला गारवा लागतो, दसऱ्यानंतर ऑक्टोबर हीट ओसरली की टाका, त्याआधी बी ओल्या टिश्यूत गुंडाळून आठ-पंधरा दिवस फ्रीजमध्ये ठेवा (डब्यावर नाव लिहा, आमच्याकडे आई ते ओवा समजून फोडणीत घालणार होती, वर विषाचं वाचलंत ना). एकदा रुजलं की कुंडी बदलू नका, सोटमूळ दुखावलं की रुसतं. नर्सरीत डेल्फिनियम म्हणून जाड दांड्याचं महाग रोप देतात ते पुण्याच्या एप्रिलमध्ये टिकत नाही, शेपूसारख्या बारीक पानांचं लार्कस्पर घ्या, जानेवारी-फेब्रुवारीत फुलेल आणि मरेल, ते तसंच असतं.

निळवंतीचं रोप मात्र कोणी आणून लावतो म्हणालं तर नको म्हणा. कॅलिफोर्नियातल्या दोन जाती २००० साली धोक्याच्या यादीत गेल्या, त्यातल्या एकीला तर रस्त्याकडेचं गवत कापणाऱ्यांनीच बराचसा दणका दिला होता. आपली तर एवढीशी जागा, त्यात वणवे, त्यात कास बघून झालं आता पुढे कुठे म्हणणारे आपण. म्हणून मी पण डोंगराचं नाव लिहिलेलं नाही.

यंदा मेमध्ये तिकडूनच गेले होते, आईला मुद्दाम बरोबर नेलं होतं. सगळं भाजून निघालेलं, गवताचं नाव नाही, नुसता तांबडा मुरूम. आईने विचारलं, "कुठंय गं तुझी निळवंती?" मी पायाकडे बोट दाखवलं. खाली गाठाळ मुळं असतात तिची, पहिला पाऊस पडेपर्यंत तशीच पडून राहतात. आई झटकन दोन पावलं मागे सरकली.