पिठाशिवाय बिस्कीट कसे उभे राहते?

मराठी बायबलमध्ये ज्याला वल्हांडण सण म्हटले आहे, तो ज्यू धर्मीयांचा पेसाह हिब्रू पंचांगातील निसान महिन्याच्या 15 तारखेला, म्हणजे साधारणपणे मार्च-एप्रिलच्या सुमारास सुरू होतो. इस्राएलमध्ये तो सात दिवस आणि इतरत्र बहुतेक ठिकाणी आठ दिवस पाळला जातो. इजिप्तच्या गुलामगिरीतून बाहेर पडताना इस्राएली लोकांना इतकी घाई होती की मळलेली कणीक फुगायलाही वेळ मिळाला नाही. त्या घटनेची आठवण म्हणून या दिवसांत घरात खमिराचा अंशही ठेवत नाहीत आणि पावाच्या जागी मात्झा नावाची बेखमीर भाकरी खातात. गहू, जव, राय, स्पेल्ट आणि ओट्स या पाच धान्यांपैकी कोणत्याही धान्याचे पीठ पाण्याला लागून 18 मिनिटांपेक्षा जास्त वेळ न भाजता राहिले, तर ते आंबू लागले असे मानले जाते, आणि मग त्या धान्याचा कोणताही पदार्थ सणापुरता वर्ज्य ठरतो.

हा नियम बिस्किटांना फार अवघड जातो. नेहमीच्या बिस्किटात मैदा असतो, आणि मैदा म्हणजे नुसता भरीचा पदार्थ नव्हे. तो बाजूला काढल्यावर बिस्कीट उभे कशाच्या बळावर राहायचे, हा स्वयंपाकघरातला प्रश्न मुळात रसायनशास्त्राचा आहे. त्याचे सर्वांत चांगले उत्तर मला नारळाच्या मॅकरूनमध्ये, म्हणजे अंड्याचा पांढरा भाग, साखर आणि खोबरे यांच्या बिस्किटात दिसते, कारण पिठाची उणीव भरून काढण्याचा प्रयत्न त्यात नाही. मॅकरूनची रचनाच पिठाशिवायची आहे.

आधी पीठ काय करते ते पाहू. गव्हात ग्लायाडिन आणि ग्लुटेनिन ही दोन प्रकारची प्रथिने असतात. पीठ भिजवून मळले की ती एकमेकांत गुंतून ग्लुटेनचे लवचीक जाळे तयार होते. यीस्टने सोडलेला कार्बन डायऑक्साइड त्या जाळ्यात अडकतो, म्हणून पाव फुगतो. बिस्किटात आपल्याला हे जाळे फारसे नको असते. नानखटाईत तूप भरपूर आणि पाणी जवळपास नाहीच, त्यामुळे तूप पिठाच्या कणांभोवती बसते, ग्लुटेन जुळू देत नाही आणि नानखटाई खुसखुशीत होते. तरीही मैद्यातली प्रथिने आणि पिष्टाचे कण मिळून साखर व स्निग्ध पदार्थ धरून ठेवणारा सांगाडा पुरवतातच. तो सांगाडा नसेल, तर ओव्हनमध्ये तूप वितळते, साखर विरघळते आणि सगळे मिश्रण ट्रेवर पसरते.

18 मिनिटांच्या मर्यादेमागे रोमन काळातील एक मैल चालायला लागणारा वेळ आहे. पीठ ओले होताच त्यातील अमायलेज ही विकरे पिष्टाचे तुकडे करून साखर मोकळी करू लागतात. मात्र हवेतल्या आणि पिठातल्या सूक्ष्मजीवांनी कणीक डोळ्यांना दिसेल इतकी फुगायला कित्येक तास, कधी कधी दिवसही लागतात. म्हणजे परंपरेने मर्यादा आखताना बराच सुरक्षित पल्ला राखला. याहून लक्षवेधी गोष्ट तांदळाची आहे. तांदूळ ओला राहिला तर तो आंबत नाही, नासतो, असे निरीक्षण तालमूद या ज्यू धर्मचर्चेच्या प्राचीन ग्रंथात नोंदवलेले आहे. तांदळात ग्लुटेन नाही, त्यामुळे वायू तयार झाला तरी तो धरून ठेवणारे जाळे नाही. इडली फुगते ती उडदामुळे; उडदातील प्रथिने आणि बुळबुळीत कर्बोदके बुडबुडे धरून ठेवतात. ग्लुटेन ठाऊक नसलेल्या काळात लोकांनी पीठ भिजवून, थांबून, पाहून हा फरक टिपला होता, याचे मला मनापासून कौतुक वाटते.

तांदूळ आंबत नाही हे मान्य असूनही मध्य आणि पूर्व युरोपातील अश्केनाझी ज्यूंनी पुढे सणाच्या दिवसांत तांदूळ, मका आणि डाळीही टाळायला सुरुवात केली. स्पेन-पोर्तुगालच्या परंपरेतील सेफार्डी ज्यू आणि आपल्या कोकणातील बेने इस्राएल हा ज्यू समाज ही बंधने पाळत नाहीत. अश्केनाझी घरांत या बंधनाचा परिणाम अनपेक्षित ठिकाणी जाणवतो. दुकानातल्या पिठीसाखरेत गुठळ्या होऊ नयेत म्हणून मक्याचे पिष्ट घातलेले असते, बेकिंग पावडरमध्येही ते असते. म्हणून सणासाठी बटाट्याचे पिष्ट वापरलेली वेगळी बेकिंग पावडर विकत मिळते. सोडा मात्र चालतो, कारण बंदी धान्याच्या आंबण्याला आहे, बुडबुड्यांना नाही.

पिठाऐवजी काय वापरायचे, यावर पहिला उपाय म्हणजे मात्झा दळून केलेले पीठ. मात्झा एकदा भाजली गेली की ती पुन्हा आंबत नाही, असा नियम आहे, जरी काही हसीदिक (कर्मठ ज्यू) पंथ सणात भिजवलेली मात्झाही खात नाहीत. भाजताना मात्झातील ग्लुटेनची घडण बदललेली असते आणि पिष्टही अंशतः शिजलेले असते, त्यामुळे हे पीठ पाणी शोषते पण चिकटून येत नाही, आणि बिस्किटे रवाळ होतात. मिश्रण अर्धा तास झाकून ठेवले की कण भिजून रवाळपणा बराच कमी होतो. दुसरा उपाय बटाट्याच्या पिष्टाचा. त्याचे कण मोठे असतात आणि साधारण 60 ते 65 अंश सेल्सिअसला पाणी पिऊन फुगतात, पण बिस्किटात पाणी थोडे आणि तेही साखरेने ओढून घेतलेले, त्यामुळे पुष्कळ कण न फुगताच राहतात आणि जिभेला कोरडे लागतात. हे दोन्ही पदार्थ मिसळून बरी बिस्किटे होतात. तरीही ती खाताना पीठ नसल्याची जाणीव होत राहते.

मॅकरूनचे मूळ बदामाचे. अंड्याचा पांढरा भाग, साखर आणि कुटलेले बदाम यांची बिस्किटे इटलीत जुनी आहेत, आणि पीठ व खमीर दोन्ही नसल्यामुळे ती तिथल्या ज्यूंच्या वल्हांडणाच्या पंगतीत सहज बसली. नारळ त्यात नंतर आला. 1890 च्या दशकात फिलाडेल्फियातील पीठगिरणीचे मालक फ्रँकलिन बेकर यांना क्यूबातील एका व्यापाऱ्याकडून येणे असलेल्या रकमेच्या बदल्यात जहाजभर नारळ मिळाले. ते खपवण्यासाठी त्यांनी खोबरे किसून सुकवण्याचा उद्योग उभारला. सुकवलेला कीस स्वस्त आणि टिकाऊ होता, आणि पुढे अमेरिकेत मात्झा बनवणाऱ्या कंपन्यांनीच सणासाठी डबाबंद मॅकरून विकायला सुरुवात केली.

आता हे बिस्कीट उभे कसे राहते ते पाहू. अंड्याच्या पांढऱ्या भागात सुमारे 90 टक्के पाणी आणि 10 टक्के प्रथिने असतात. त्यांतील निम्म्याहून अधिक वाटा ओव्हाल्ब्युमिनचा असतो, आणि ओव्होट्रान्सफेरिन, ओव्होम्युसिन, लायसोझाइम अशी इतर प्रथिनेही असतात. ही प्रथिने मुळात गुंडाळी करून पाण्यात विखुरलेली असतात. फेटताना हवेचे बुडबुडे आत जातात, गुंडाळ्या उलगडतात, आणि प्रथिनांचे पाण्याला नको असलेले भाग हवेकडे, तर पाणी आवडणारे भाग पाण्याकडे वळतात. बुडबुड्याच्या पृष्ठभागावर शेजारी शेजारी आलेले रेणू एकमेकांना जोडले गेले की पातळ पण चिवट पडदा तयार होतो. पूर्ण फेटलेल्या पांढऱ्याचे आकारमान मूळच्या सुमारे आठपट होऊ शकते.

पिवळ्या बलकाचा एक थेंब ही सगळी मेहनत बिघडवतो. बलकातील स्निग्ध पदार्थ बुडबुड्याच्या पृष्ठभागावर प्रथिनांची जागा बळकावतात, पण स्वतः एकमेकांना धरून राहत नाहीत, त्यामुळे पडदा फाटतो. ज्यू आहारनियमांनुसार रक्ताचा ठिपका असलेले अंडे वापरत नाहीत, म्हणून प्रत्येक अंडे आधी काचेच्या वाटीत वेगळे फोडून, नीट पाहून मगच मोठ्या भांड्यात ओतण्याची पद्धत आहे. या पद्धतीत फुटलेला बलकही वाटीतच सापडतो आणि बाकीची अंडी वाचतात. अंडी थंड असताना बलक अधिक घट्ट असतो, म्हणून ती फ्रिजमधून काढल्याबरोबर फोडावीत. फेटण्यापूर्वी मात्र पांढरा भाग खोलीच्या तापमानाला येऊ द्यावा, म्हणजे फेस लवकर येतो.

साखर हळूहळू घालायची, कारण सुरुवातीलाच सगळी घातली तर प्रथिने उलगडायला फार वेळ लागतो. विरघळलेली साखर बुडबुड्यांमधील पाणी दाट करते, ते खाली निथळू देत नाही, आणि फेस तुळतुळीत व टिकाऊ होतो. लिंबाच्या रसाचे तीन-चार थेंबही उपयोगी पडतात. आम्लतेमुळे प्रथिनांमधील गंधकाचे बंध सहजासहजी जुळत नाहीत, त्यामुळे फेस जास्त फेटला जाऊन त्याच्या कोरड्या गुठळ्या होण्याचा धोका कमी होतो. मॅकरूनसाठी फेस ताठ होईपर्यंत फेटू नये, असे माझे ठाम मत आहे. व्हिस्क उचलल्यावर टोक उभे राहून किंचित वाकले की थांबावे. कित्येक घरांत पांढरा भाग साखरेबरोबर नुसता ढवळून त्यात खोबरे घालतात; त्यातूनही बिस्किटे होतात, कारण तिथे प्रथिने फक्त डिंकाचे काम करतात. पण ती बिस्किटे जड आणि चिवट होतात.

चार अंड्यांच्या पांढऱ्या भागाला, म्हणजे सुमारे 130 ग्रॅमला, 150 ग्रॅम साखर, 250 ग्रॅम सुके किसलेले खोबरे आणि चिमूटभर मीठ पुरते. येथे एक शंका येणे साहजिक आहे. सुक्या खोबऱ्यात जवळपास 65 टक्के स्निग्धांश असतो. मग बलकाचा थेंब फेस मोडतो आणि इतके खोबरे कसे मोडत नाही? एक कारण असे की खोबऱ्याचे तेल बहुतांशी पेशींच्या भिंतींत बंद असते. दुसरे असे की ते साधारण 24 अंशांच्या खाली घट्ट राहते, आणि घट्ट तेल बुडबुड्यांवर पसरत नाही. एप्रिलमधल्या मुंबईच्या स्वयंपाकघरात हा दुसरा आधार उरत नाही. म्हणून खोबरे तासभर फ्रिजमध्ये ठेवावे, फेस तयार झाल्यावर अगदी शेवटी घालावे, चमच्याने खालून वर असे हलकेच मिसळावे आणि लगेच ट्रे ओव्हनमध्ये सारावा.

ओला नारळ वापरायचा असेल, तर त्यात जवळपास निम्मे पाणी असते हे ध्यानात ठेवावे. ते पाणी फेस पातळ करते आणि बिस्किटे बसकी होतात. किसण्यापूर्वी खोबऱ्याची काळी पाठ सोलून काढावी, आणि कीस रंग न बदलता मोकळा होईपर्यंत मंद आचेवर परतून पूर्ण गार करावा.

तापमान 165 अंशांच्या आसपास ठेवले की साधारण वीस मिनिटांत दोन वेगवेगळ्या क्रिया घडतात. आतल्या भागात पाणी असल्यामुळे तिथले तापमान शंभर अंशांपुढे जात नाही. ओव्होट्रान्सफेरिन साधारण 60 अंशांच्या थोडे वर आणि ओव्हाल्ब्युमिन 80 अंशांच्या सुमारास गोठते, आणि साखरेमुळे हे आकडे आणखी वर सरकतात. प्रथिने गोठली की बुडबुड्यांच्या भिंती कायमच्या पक्क्या होतात, खोबऱ्याचे तंतू त्यांत रुतून बसतात आणि मैद्याने द्यायचा तो सांगाडा तयार होतो. बाहेरचा भाग मात्र कोरडा पडून बराच तापतो आणि तिथे लुई कामील मेयार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने 1912 साली वर्णन केलेली अभिक्रिया सुरू होते: अमिनो आम्ले आणि काही प्रकारच्या शर्करा यांच्या संयोगातून तपकिरी रंग आणि भाजका सुगंध निर्माण होतो. नेहमीची साखर या अभिक्रियेत थेट भाग घेत नाही. परंतु अंड्याच्या पांढऱ्या भागात थोडे मुक्त ग्लुकोज असते, आणि उष्णतेने थोडी साखरही तुटून ग्लुकोज व फ्रुक्टोज मोकळे होतात. अंड्याची पावडर बनवणारे कारखाने तर साठवणीत पावडर तपकिरी पडू नये म्हणून हे ग्लुकोज आधीच काढून टाकतात. शिवाय अंड्याचा पांढरा भाग हा स्वयंपाकघरातील मोजक्या अल्कधर्मी पदार्थांपैकी एक आहे. ताज्या अंड्यात त्याचा सामू 7.6 च्या आसपास असतो आणि कवचातून कार्बन डायऑक्साइड बाहेर पडत गेला की काही दिवसांत 9 च्या वर जातो. अल्कधर्मी माध्यमात मेयार अभिक्रिया वेगाने होते, म्हणून लिंबाचे थेंब मोजूनच घालावेत. जास्त रस पडला तर मॅकरून फिकट राहतात.

मॅकरूनमध्ये लोणी लागत नाही, याला सणाच्या जेवणात फार महत्त्व आहे. पहिल्या रात्रीच्या सेदेर नावाच्या विधिपूर्वक जेवणात बहुधा मांसाहार असतो, आणि ज्यू आहारनियमांनुसार मांसाबरोबर दूध, लोणी किंवा तूप चालत नाही. बिस्किटाला लागणारा स्निग्धपणा येथे खोबरे पुरवते. कोकणातील बेने इस्राएल हाच मार्ग फार पूर्वीपासून चोखाळत आले आहेत. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर आपल्या पूर्वजांचे जहाज फुटले, अशी त्यांची परंपरा सांगते. तेल गाळण्याचा व्यवसाय आणि शनिवारी काम बंद, म्हणून गावकरी त्यांना शनवार तेली म्हणत. त्यांच्या घरी मांसाच्या रश्शापासून सणाच्या हलव्यापर्यंत दुधाची जागा नारळाच्या दुधाने घेतलेली आढळते. वल्हांडणाला तर त्यांच्यात पूर्वी आंबट रसाचे भांडे झाकून ठेवण्याचा सण अशा अर्थाचे मराठी नाव होते.

भाजलेले मॅकरून ट्रेवरच गार होऊ द्यावेत. गरम असताना आतील साखरेचा पाक सैल असतो आणि उचलताना बिस्कीट मोडते. पूर्ण गार होण्याआधी डब्यात भरले तर आतली वाफ झाकणाला लागून पुन्हा खाली उतरते आणि कवच मऊ पडते. किनारपट्टीच्या दमट हवेत साखर बाहेरचा ओलावाही ओढते, म्हणून घट्ट झाकणाचा डबाच हवा. कवच मऊ पडलेच, तर 150 अंशांवर पाच मिनिटे ठेवून गार केले की ते पुन्हा कुरकुरीत होते. आतला ओलावा साखरेने धरून ठेवलेला असल्यामुळे बुरशीला तो सहजी मिळत नाही, आणि पहिल्या रात्रीसाठी भाजलेले मॅकरून सणाच्या आठव्या दिवसापर्यंत चांगले राहतात.