चक्क्यातल्या पाण्याचा हिशेब

सोलापुरात एप्रिल-मे महिन्यांत पारा ४० अंश सेल्सिअसच्या पुढे जातो आणि नेमक्या याच दिवसांत घरे पाहुण्यांनी भरलेली असतात. मुलांच्या सुट्ट्या, अक्षय्य तृतीया, लग्नसराई असे काही ना काही निमित्त असते. संध्याकाळी गच्चीवर पाणी मारून सतरंज्या अंथरल्या जातात आणि चहाऐवजी फळांच्या फोडींचे ताट फिरू लागते. त्या फोडी बुडवून खाण्यासाठी मधोमध एका वाडग्यात घट्ट, मलईदार, किंचित आंबटगोड डिप ठेवण्याची पद्धत आता आपल्याकडेही चांगलीच रुळली आहे. मात्र हे डिप पंधरा-वीस मिनिटांत कडेने पाणी सोडू लागते आणि अर्ध्या तासात पळीवाढे होऊन बसते, हा अनुभवही तितकाच घरोघरचा आहे. हे पाणी येते कुठून आणि त्याला आत धरून ठेवता येते का, हे एकदा नीट समजले की कृती पाठ करण्याची फारशी गरज उरत नाही.

फळांचे डिप ज्या अमेरिकी घरांमधून जगभर गेले, तेथे ते बहुधा क्रीम चीज आणि मार्शमॅलो क्रीम एकत्र फेटून करतात. तेथील नियमाप्रमाणे क्रीम चीजमध्ये किमान ३३ टक्के स्निग्धांश असावा लागतो. त्याचा घट्टपणा बऱ्याच अंशी थिजलेल्या स्निग्धांशाचा असतो, आणि फेटलेल्या मलईचा तर जवळजवळ सर्वस्वी त्याचाच असतो, कारण थंड, अर्धवट घट्ट झालेले स्निग्ध कण हवेच्या बुडबुड्यांभोवती एकमेकांना चिकटून उभे राहतात आणि त्यांच्याच आधाराने मलई फुललेली दिसते. दुधातील स्निग्धांश मात्र सुमारे ३५ ते ४० अंशांपर्यंत पूर्णपणे वितळतो. म्हणजेच सोलापूरच्या उन्हाळ्यात जी हवा आपण श्वासावाटे घेतो, तिच्याच तापमानाला या डिपचा खांब ढासळतो. साय फेटायला घ्यावी आणि मलई फुलण्याऐवजी लोणी निघावे, याचे कारणही हेच आहे. त्यामुळे आपल्या हवेत डिपचा आधार स्निग्धांश नव्हे तर प्रथिने असावीत, असे माझे ठाम मत आहे, आणि प्रथिनांचा असा आधार आपल्या स्वयंपाकघरात पिढ्यान्‌पिढ्या खुंटीला टांगलेला आहे. तो म्हणजे चक्का.

चक्क्याकडे जरा बारकाईने पाहावे असे बरेच काही आहे. पंचा किंवा मलमलीचे फडके घेऊन त्यातून दूध गाळले तर ते सगळेच्या सगळे खाली जाते. त्याच फडक्यात त्याच दुधाचे दही ओतले तर मात्र पांढरा भाग वर राहतो आणि फक्त पिवळसर निवळ गळते. फडके बदललेले नाही, दुधातील घटकही बहुतांशी तेच आहेत. दुधातील सुमारे ८० टक्के प्रथिन केसीन या प्रकारचे असते आणि ते १०० ते २०० नॅनोमीटर आकाराच्या गोळक्यांच्या रूपात तरंगत असते. फडक्यातील दोन धाग्यांमधले अंतर मिलिमीटरचा दहावा भाग धरले, तरी ते या गोळक्याच्या पाचशे ते हजार पट मोठे ठरते. तेव्हा केसीनला अडवण्याचे काम फडके करत नाही. ताज्या दुधाचा सामू (पीएच, म्हणजे आम्लतेचे माप; तो जितका कमी तितके आम्ल अधिक) ६.६ च्या आसपास असतो आणि या गोळक्यांवर ऋण विद्युतभार असल्यामुळे ते एकमेकांना दूर लोटतात. विरजणातील जिवाणू दुग्धशर्करेपासून लॅक्टिक आम्ल तयार करू लागले की सामू घसरत जातो, भार क्षीण होतो, आणि सामू ४.६ च्या जवळ पोहोचेपर्यंत गोळके एकमेकांना धरून एक सलग जाळे विणतात. पाणी आणि स्निग्ध कण या जाळ्यात अडकून पडतात. फडक्याला अडते ते हे जाळे. सोलापूरला विणकामाची ओळख सांगायला नको. चक्क्याच्या बाबतीत खरी वीण दह्याच्या आत झालेली असते आणि कापड तिला केवळ तोलून धरते.

ही वीण घट्ट व्हावी म्हणून दूध आधी चांगले तापवावे लागते. ८५ ते ९० अंशांवर काही मिनिटे राहिलेल्या दुधात निवळीतील प्रथिने उलगडून केसीनच्या गोळक्यांना चिकटतात, त्यामुळे पुढे तयार होणारे जाळे अधिक दाट होते आणि पाणी चांगले धरते. म्हशीच्या दुधात केसीन, कॅल्शियम आणि स्निग्धांश हे तिन्ही गाईच्या दुधापेक्षा जास्त असतात, म्हणून त्याचा चक्का भरभक्कम येतो. एक लिटर दह्यातून साधारण ४०० ग्रॅम चक्का मिळतो आणि ६०० मिलिलिटरच्या आसपास निवळ गळते. इतके पाणी गेल्यावरही त्या घट्ट गोळ्यात वजनाने दोन तृतीयांशाच्या जवळपास पाणीच असते, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. पाणी संपलेले नसते, ते अडवलेले असते.

टांगण्याच्या काळात दह्याचे जिवाणू थांबलेले नसतात. ४० अंश हे तर त्यांच्या आवडीचे तापमान आहे, म्हणून रात्रभर बाहेर टांगलेला चक्का सकाळी झोंबेल इतका आंबट होतो. मात्र ओल्या फडक्यातील दह्याची पुरचुंडी माठासारखी स्वतःला थंडही करत असते, कारण बाष्पीभवनासाठी लागणारी उष्णता पाणी तिच्यातूनच घेते. हवा ४० अंशांची आणि सापेक्ष आर्द्रता २० टक्के असेल, तर ओल्या पृष्ठभागाचे तापमान सुमारे २२ अंशांपर्यंत उतरू शकते. मुंबईच्या दमट हवेत हे साधत नाही, सोलापूरच्या कोरड्या हवेत साधते. तरीही २२ अंश म्हणजे फ्रिज नव्हे. पहिला तास-दीड तास वाहत्या हवेत आणि उरलेला वेळ चाळणीखाली पातेले ठेवून फ्रिजमध्ये, अशी वाटणी मला योग्य वाटते.

आता साखर. ४०० ग्रॅम चक्क्यात ७० ग्रॅम पिठीसाखर घातली की घट्ट चक्का पाहता पाहता सैल होतो आणि नवख्या माणसाला काहीतरी चुकल्यासारखे वाटते. साखर स्वतःच्या निम्म्या वजनाच्या पाण्यातही विरघळू शकते. म्हणजे जाळ्यातील अवघे ३५ मिलिलिटर पाणी घेऊन ती सुमारे ८० मिलिलिटर पाक तयार करते, आणि हा पाक जाळ्याच्या पोकळ्यांतून सगळीकडे पसरतो. पाण्याचा थेंबही न घालता डिप पातळ होते ते असे. म्हणून चक्का श्रीखंडाला घेतो त्यापेक्षाही कोरडा असावा, साखर बेताची असावी, आणि मिश्रण पुरणयंत्रातून किंवा चाळणीतून एकदाच काढून तासभर थंड होऊ द्यावे. मिक्सरच्या पात्याने जाळ्याचे तुकडे होतात. विसावा मिळाल्यावर तुकडे काही प्रमाणात पुन्हा जुळतात, पण फार बारीक झालेले जाळे पूर्वीसारखे उभे राहत नाही. चव पाहताना मिश्रण थंडच असावे. जिभेवरील गोडाची जाणीव तापमानाप्रमाणे वाढते-घटते, आणि त्यामागे चवपेशींमधील ट्रिपएमफाइव्ह नावाची प्रथिन-वाहिनी असल्याचे बेल्जियममधील ल्यूवेन विद्यापीठाच्या शास्त्रज्ञांनी २००५ मध्ये दाखवून दिले. खोलीच्या तापमानाला बरोबर वाटलेली गोडी फ्रिजमधून काढल्यावर कमी भासते.

चांगल्या डिपकडून आपली अपेक्षा परस्परविरोधी असते. ते फोडीवरून ओघळू नये, पण जिभेखाली लगेच सरकावे. जे पदार्थ ठराविक जोर लागेपर्यंत घनासारखे स्थिर राहतात आणि त्यापुढे वाहू लागतात, त्यांत चक्का मोडतो. फोडीवरील थराचे वजन त्याचे जाळे सहज पेलते, जिभेचा दाब ते पेलत नाही. मात्र फोड कोरडी असेल तरच हे जमते. कलिंगडात ९० टक्क्यांहून अधिक पाणी असते आणि सुरी फिरताच पेशी फुटून ते वर येते, त्यामुळे डिप त्यावर टिकत नाही. फोडी आधी स्वच्छ कापडावर पसरून टिपून घ्याव्यात. चिकू, सफरचंद आणि केळे यांच्या फोडींवर डिप उत्तम बसते. चिरलेल्या फळावर साखर किंवा मीठ अगोदर भुरभुरू नये, कारण परासरणामुळे पेशींतील पाणी बाहेर ओढले जाते आणि ताटात रसाचे तळे साचते.

काही फळे याहून खोल घाव घालतात. कच्च्या अननसात ब्रोमेलेन, पपईत पपेन, किवीत अॅक्टिनिडिन आणि ताज्या अंजिरात फायसिन अशी प्रथिने तोडणारी विकरे, म्हणजे एन्झाइम, असतात. चक्क्यात या फळांचे तुकडे मिसळले की ती केसीनचे जाळे एकेक धागा कापत सुटतात. दोन-तीन तासांत मिश्रण सैल होते आणि शिवाय कडू लागते, कारण केसीनच्या काही लहान तुकड्यांची चवच कडू असते. दूध खराब होते असा दोष अशा वेळी दूधवाल्याला दिला जातो, तो अन्यायाचा आहे. घरात मुले असतील तर त्यांच्याकडून एक प्रयोग जरूर करून घ्यावा: दोन वाट्यांत सारखा चक्का घ्यावा, एकीत कच्च्या अननसाचे तुकडे आणि दुसरीत पाच-सात मिनिटे उकळून पूर्ण थंड केलेले तुकडे मिसळावेत, आणि दोन्ही वाट्या फ्रिजमध्ये ठेवून काही तासांनी चाखाव्यात. उष्णतेने विकराची घडण मोडते, म्हणून दुसरी वाटी जवळजवळ होती तशीच राहते. अननस फोड म्हणून बुडवून लगेच खायला काहीच हरकत नाही. तो डिपमध्ये मिसळायचा असेल तर शिजवूनच मिसळावा.

आंब्याचा रस या बाबतीत निर्धोक आहे. त्यातील पेक्टिन आणि तंतू पाणी धरायला मदतच करतात, तरी रस मंद आचेवर थोडा आटवून, गार करून मग घालावा. आंब्याचा केशरी रंग देणारी कॅरोटिनॉइडे आणि त्याच्या सुगंधातील बरेचसे रेणू स्निग्धांशात विरघळणारे असतात. म्हणून म्हशीच्या दुधाच्या चक्क्यात आंब्याचा वास तोंडात रेंगाळतो आणि साय काढलेल्या दुधाच्या चक्क्यात तो चटकन विरून जातो.

डाळिंबाबद्दल मात्र सोलापूरकराने आवर्जून लिहावे. २०१६ मध्ये सोलापूरच्या डाळिंबाला भौगोलिक मानांकन मिळाले, आणि राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र शहरालगत केगावला आहे. हस्त बहाराची, म्हणजे पावसाळ्याच्या अखेरीस फुलणाऱ्या हंगामाची, फळे फेब्रुवारी ते एप्रिलच्या सुमारास हाती येतात, म्हणजे उन्हाळ्याच्या तोंडावर ती उपलब्ध असतात. डाळिंबाचा प्रत्येक दाणा ही रसाची बंद पिशवी असते. चिरलेले कोणतेही फळ पाणी सोडते, पण न चिरडता सोडवलेला दाणा दाताखाली फुटेपर्यंत आपला रस राखून ठेवतो. म्हणून डिपवर पसरायला त्याच्या तोडीचे फळ मला दुसरे दिसत नाही. त्याचा लाल रंग अँथोसायनिन या रंगद्रव्यांचा असतो आणि तो सामूप्रमाणे बदलतो. एखादा दाणा फुटलाच तर आंबट चक्क्यात गुलाबी छटा उमटते, तोच रस गोड्या दुधात पडला तर जांभळट-करडा दिसतो.

वाढताना डिपचा वाडगा बर्फाच्या परातीत बसवावा. एक किलो बर्फ वितळताना ८० किलोकॅलरी उष्णता शोषतो आणि बर्फ शिल्लक असेपर्यंत त्याभोवतालचे पाणी शून्य अंशाच्या जवळपास राहते. बर्फात मीठ टाकू नये. मिठाने तापमान शून्याच्या बरेच खाली जाते, वाडग्याच्या कडेला हिमकण तयार होतात, ते जाळे फाडतात आणि वितळल्यावर तेथूनच पाणी सुटते. चक्क्यातील आम्ल बऱ्याच घातक जिवाणूंना रोखते, पण कलिंगड आणि खरबूज यांच्यात असे आम्ल फारसे नसते. त्यामुळे खरी काळजी डिपपेक्षा चिरलेल्या फळांची घ्यावी लागते. नाशवंत पदार्थ दोन तासांपेक्षा, आणि हवा ३२ अंशांहून गरम असल्यास एका तासापेक्षा अधिक काळ बाहेर ठेवू नयेत, अशी अमेरिकेतील अन्नसुरक्षेची मार्गदर्शक सूचना आहे. आपल्याकडे सूर्य मावळल्यावरही गच्ची बराच वेळ तापलेली असते, तेव्हा एका तासाचीच मर्यादा पाळावी आणि फळे थोडी थोडी चिरून आणावीत.

पातेल्यात गळून राहिलेली ६०० मिलिलिटर निवळ ओतून देऊ नये. तिच्यात दुग्धशर्करा, निवळीची प्रथिने, बरेचसे कॅल्शियम आणि रायबोफ्लेविन हे ब जीवनसत्त्व असते. तिचा हिरवट-पिवळा रंग या जीवनसत्त्वाचाच आहे. रायबोफ्लेविन उजेडात नष्ट होते, म्हणून निवळ काचेच्या बरणीत खिडकीशी न ठेवता स्टीलच्या झाकणाच्या डब्यात फ्रिजमध्ये ठेवावी आणि दुसऱ्या दिवशी कढीला किंवा कणीक भिजवायला घ्यावी.